अमेरिकन कॉलेज बास्केटबॉलमधली ‘मागाहून दिलेली’ विजेतेपदं : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मार्च महिना उजाडला आणि एनसीएएच्या (अमेरिकेतल्या कॉलेजांच्या खेळांचा कारभार पाहणाऱ्या संघटनेच्या) बाद फेऱ्या सुरू झाल्या की आमच्याकडे त्याच त्या प्रश्नांची रांग लागते. कुणी अमेरिकेत शिकणाऱ्या मुलाला भेटायला गेलेलं असतं आणि स्टेडियमच्या छताला टांगलेला शंभर वर्षांपूर्वीच्या विजेतेपदाचा बॅनर बघून चक्रावतं. कुणाचा क्विझमधल्या उत्तरावरून वाद झालेला असतो. म्हणून ही प्रश्नोत्तरं एकत्र केली. आधी सोपी, मग अडचणीची. एका ठिकाणी सांगितलेलं दुसरीकडे परत सांगितलेलं नाही, तिथे प्रश्नाचा क्रमांक दिला आहे. सगळी माहिती पुरुषांच्या बास्केटबॉलची आहे.

१. ‘पूर्वलक्षी विजेतेपद’ म्हणजे नेमकं काय?

एखाद्या मोसमात राष्ट्रीय स्पर्धा झालीच नव्हती. पुढे कित्येक वर्षांनी कुणीतरी त्या मोसमाचे निकाल काढून बसलं आणि म्हणालं, ‘त्या वर्षीचा सर्वोत्तम संघ हा.’ अशा निवडीतून मिळालेलं पद म्हणजे पूर्वलक्षी विजेतेपद. वेतन आयोग पूर्वलक्षी प्रभावाने लागू होतो तसंच हे. फरक इतकाच, की इथे थकबाकी मिळेपर्यंत कर्मचारी बहुधा हयात नसतो. १९०१ चा विजेता म्हणून येल विद्यापीठाचं नाव जाहीर झालं ते १९५७ मध्ये. तेव्हा त्या संघात खेळलेली पोरं सत्तरी ओलांडून गेलेली होती.

मैदानावर कुणी ही पदं जिंकलेली नाहीत, ती नंतर बहाल झाली. त्यामुळे असं विजेतेपद समोर आलं की दोन गोष्टी लगेच विचाराव्यात : कुणी दिलं आणि कधी दिलं? पुढची बहुतेक उत्तरं या दोन प्रश्नांभोवतीच फिरतात.

२. १९३९ च्या आधी राष्ट्रीय स्पर्धाच नव्हती का? खेळ तर त्याच्या कितीतरी आधीचा आहे.

खेळ जुना आहे. जेम्स नायस्मिथ यांनी डिसेंबर १८९१ मध्ये मॅसॅच्युसेट्समधल्या स्प्रिंगफील्डला, वायएमसीएच्या प्रशिक्षण शाळेत तो सुरू केला. १८९५ साली दोन कॉलेजांमधला सामना झाला आणि १८९६ मध्ये शिकागो विद्यापीठाचा संघ आयोवात जाऊन पाच-पाच जणांचा सामना खेळून आला.

पण देशभरातले संघ एका ठिकाणी आणायचे म्हणजे रेल्वेचे दिवसेंदिवस प्रवास, बुडणारे वर्ग आणि खर्च. नियमसुद्धा सगळीकडे एकसारखे नव्हते. कॉलेजांचे नियम वेगळे, हौशी क्लबांच्या एएयू या संघटनेचे वेगळे. १९१५ मध्ये संयुक्त नियम समिती झाली तेव्हा कुठे सगळे एका पुस्तकावर खेळू लागले. संघ आपापल्या विभागीय कॉन्फरन्समध्ये (आसपासच्या कॉलेजांच्या गटात) खेळत आणि मोसम तिथेच संपे. पूर्वेचा विजेता श्रेष्ठ की पश्चिमेचा, हे ठरवायची काही सोयच नव्हती.

१९३८ मध्ये न्यूयॉर्कच्या क्रीडा पत्रकारांनी मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये सहा संघांची एनआयटी स्पर्धा भरवली. पुढच्याच वर्षी प्रशिक्षकांच्या संघटनेने आठ संघांची दुसरी स्पर्धा काढली. आजची एनसीएए स्पर्धा ती हीच. पहिल्या अंतिम सामन्यात ऑरेगनने ओहायो स्टेटला ४६-३३ असं हरवलं. आयोजकांना तोटा झाला आणि १९४० पासून एनसीएएने स्पर्धा स्वतःच्या हातात घेतली. त्याआधीही राष्ट्रीय म्हणवणारे तुरळक सामने झाले होते, त्यांच्यासाठी प्रश्न १० पाहा.

३. सगळीकडे ‘हेल्म्स’ हे नाव दिसतं. ही सरकारी संस्था होती का?

छे. पावाच्या बेकरीचा पैसा होता. पॉल हेल्म्स हे लॉस एंजेलिसमधले बेकरीमालक. घरोघरी गाडीने ताजा पाव पोचवणारी त्यांची बेकरी तिथे प्रसिद्ध होती; १९३२ च्या लॉस एंजेलिस ऑलिंपिकशीही त्यांनी आपल्या पावाचं नाव जोडून घेतलं होतं. खेळाच्या नोंदी जमवायचं वेड मात्र बिल श्रोडर यांचं. या दोघांनी मिळून १९३६ मध्ये हेल्म्स अ‍ॅथलेटिक फाउंडेशन काढलं.

१९४३ मध्ये फाउंडेशनने १९२० ते १९४२ या मोसमांचे विजेते एकदम जाहीर केले. १९५७ मध्ये आणखी मागे जाऊन १९०१ ते १९१९ ची यादी दिली. (वर्ष म्हणजे मोसम संपतो ते वर्ष, हिवाळ्यातला खेळ असल्याने मोसम दोन वर्षांत विभागलेला असतो.) १९४३ पासून पुढे दरवर्षीचा विजेता त्या त्या वर्षी निवडला जाई आणि हा क्रम १९८२ पर्यंत चालला.

४. हेल्म्सने विजेते ठरवले कसे? काही सूत्र होतं का?

जुन्या नोंदी आणि निकाल पाहून ठरवले आणि निर्णय मुख्यतः श्रोडर यांचाच होता. यादीत संघाचं नाव येतं. हाच का आणि तो का नाही, याचं गणित यादीत नाही.

काही निवडींवर वाद घालायला जागाच नाही. १९१२ आणि १९१४ चं विस्कॉन्सिन, १९१५ चं इलिनॉय, १९२४ चं नॉर्थ कॅरोलायना, १९२८ चं पिट्सबर्ग : हे संघ मोसमभर एकही सामना हरले नव्हते. १९२९ चं मोंटाना स्टेट ३६ जिंकून दोन हरलं होतं आणि त्या काळात ३८ सामने म्हणजे अफाटच. पण १९०१ च्या येलची नोंद आहे १० विजय, ४ पराभव. चौदांत चार हरलेला संघ देशात पहिला? आम्हाला ही निवड कधीच पटली नाही. नोंद बघण्याआधी नाव बघितलं की काय, अशी शंका येते.

५. आणि ‘प्रेमो-पोरेटा’ काय प्रकार आहे?

ही दुसरी पूर्वलक्षी यादी, पुष्कळ अलीकडची. पॅट्रिक प्रेमो हे सेंट बोनाव्हेंचर विद्यापीठात अकाउंटिंगचे प्राध्यापक आणि फिल पोरेटा हे संगणक प्रोग्रामर. दोघांनी जुन्या मोसमांचे निकाल खणून काढले आणि १८९६ ते १९४८ पर्यंतच्या प्रत्येक मोसमाची क्रमवारी लावली. २००९ मध्ये ईएसपीएनच्या कॉलेज बास्केटबॉल कोशात ती छापून आल्यावर सर्वदूर पोचली.

१९४८ लाच का थांबले, असंही विचारलं जातं. कारण १९४९ च्या जानेवारीपासून असोसिएटेड प्रेसची पत्रकारांच्या मतांवरची साप्ताहिक क्रमवारी सुरू झाली. तिथून पुढे त्या त्या काळातलीच क्रमवारी मिळते, मागाहून बनवायची गरज उरत नाही.

हेल्म्सपेक्षा हिची जात वेगळी. इथे एकच विजेता नसतो, पहिल्या क्रमांकाखाली बाकीचे संघही ओळीने लागतात. त्यामुळे दुसरा कोण होता हे दिसतं आणि तुलना करता येते. आम्हाला विचाराल तर अभ्यासाच्या दृष्टीने हीच यादी जास्त उपयोगाची. पण विद्यापीठांच्या छताला लटकतात ते बॅनर बहुतेक हेल्म्सचेच, कारण ते आधी आले.

६. दोन याद्यांत वेगवेगळी नावं आली तर खरा विजेता कोण?

असं बऱ्याचदा होतं. १९०१ साठी हेल्म्स म्हणतं येल, प्रेमो-पोरेटा म्हणतात बकनेल. १९४३ साठी हेल्म्सचा कौल एनसीएए जिंकणाऱ्या वायोमिंगला, तर प्रेमो-पोरेटांचा इलिनॉयच्या ‘व्हिझ किड्स’ना. इलिनॉयच्या त्या पोरांनी कॉन्फरन्समधले बाराच्या बारा सामने जिंकले, पण पहिल्या पाचातल्या तिघांना सैन्यात बोलावणं आलं आणि संघ स्पर्धेला गेलाच नाही.

सगळ्यात चुरशीचं प्रकरण १९२२ चं. ते जरा जवळून पाहू, म्हणजे या निवडी किती पातळ धाग्यावर लटकलेल्या असतात ते कळेल. कॅन्सस आणि मिझुरी ही शेजारची राज्यं आणि दोघांचं वैर यादवी युद्धाच्याही आधीपासूनचं. त्या मोसमात दोन्ही विद्यापीठं मिझुरी व्हॅली कॉन्फरन्समध्ये १५ विजय आणि एक पराभव अशी बरोबरीत राहिली. दोघांनी एकमेकांना एकेकदा हरवलं आणि प्रत्येकाचा कॉन्फरन्समधला एकमेव पराभव तोच. निर्णायक सामना झालाच नाही. संपूर्ण मोसमाची नोंद (विजय-पराभव) कॅन्ससची १६-२, मिझुरीची १६-१. कॅन्ससचा जादा पराभव झाला तो कॅन्सस सिटी अ‍ॅथलेटिक क्लबकडून, म्हणजे कॉलेजचा संघच नव्हे, मोठ्या माणसांचा हौशी क्लब.

आता क्लबाकडून झालेला पराभव धरायचा का? न धरला तर दोघं समान. धरला तर मिझुरी पुढे. हेल्म्सने कॅन्सस निवडलं, प्रेमो-पोरेटांनी मिझुरी. आज कॅन्ससच्या अ‍ॅलन फील्डहाउसमध्ये १९२२ चा बॅनर आहे. मिझुरीच्या चाहत्यासमोर तो विषय काढायचा असेल तर हातात वेळ ठेवून काढा.

दोन याद्यांपैकी खरी कोणती, याचं उत्तर द्यायला वरिष्ठ न्यायालय नाही. जिथे दोन्ही याद्यांचा कौल एकच पडतो (उदाहरणार्थ १९२४ चं नॉर्थ कॅरोलायना), तिथे आम्ही तो दावा भक्कम मानतो.

७. एनसीएए ही विजेतेपदं मानते का?

एनसीएएची स्वतःची विजेत्यांची यादी १९३९ च्या ऑरेगनपासून सुरू होते. त्याआधीचा कुणीही ‘एनसीएए विजेता’ नाही, होऊही शकत नाही. हेल्म्सचं विजेतेपद सांगायला विद्यापीठांना बंदी नाही, पण ते एनसीएए विजेतेपद म्हणून मोजलं जात नाही.

क्रिकेटवाल्यांना यात वावगं वाटायला नको. १८७७ चा मेलबर्नचा सामना ‘पहिली कसोटी’ ठरला तो खेळला गेला तेव्हा नव्हे. क्लॅरेन्स मूडी या ऑस्ट्रेलियन पत्रकाराने १८९४ मध्ये कोणते सामने कसोटी धरायचे याची यादी केली, आणि जगाने ती उचलून धरली. मूडींच्या यादीला पुढे अधिकृत मान्यता मिळाली, श्रोडर यांच्या यादीला ती मिळाली नाही. काम दोघांनी एकाच जातीचं केलं.

८. मुलगा पर्ड्यूला शिकतो. तिथे १९३२ चा राष्ट्रीय विजेतेपदाचा बॅनर पाहिला. मग पर्ड्यू कधीच जिंकली नाही असं सगळे का म्हणतात?

दोन्ही बरोबर आहे. १९३२ चं पद हेल्म्सचं. पर्ड्यूने त्या मोसमात १७ सामने जिंकले, एक गमावला. संघाचा आधारस्तंभ होता जॉन वूडन, जो पुढे यूसीएलएचा प्रशिक्षक झाला आणि दहा एनसीएए विजेतेपदं घेऊन गेला. एनसीएए स्पर्धा मात्र पर्ड्यूच्या हाती लागलेली नाही. १९६९ ला अंतिम सामना हरले, तोही वूडनच्याच यूसीएलएकडून. २०२४ ला कनेटिकटकडून हरले. म्हणजे पर्ड्यूला एकुलतं राष्ट्रीय पद मिळवून देणारा आणि पहिल्या अंतिम सामन्यात ते हिरावणारा माणूस एकच.

इलिनॉयची गतही जवळपास अशीच : १९१५ चं हेल्म्स पद खात्यात, पण २००५ ला अंतिम सामन्यात नॉर्थ कॅरोलायनाकडून ७५-७० असा पराभव.

९. नॉर्थ कॅरोलायनाची विजेतेपदं सहा की सात? कॅन्ससची चार की सहा?

एनसीएएची मोजाल तर नॉर्थ कॅरोलायनाची सहा : १९५७, १९८२, १९९३, २००५, २००९, २०१७. कॅन्ससची चार : १९५२, १९८८, २००८, २०२२. नॉर्थ कॅरोलायनाला हेल्म्सचं १९२४ चं एक जोडतात, कॅन्ससला १९२२ आणि १९२३ ची दोन.

१९२४ च्या नॉर्थ कॅरोलायनाला ‘व्हाइट फँटम्स’ म्हणत. जॅक कॉब आणि कार्टराइट कारमायकल हे त्यातले तारे. २६ पैकी २६ सामने जिंकून त्यांनी अटलांटात सदर्न कॉन्फरन्सची स्पर्धा मारली. आक्षेप एकच असतो : हे सगळं दक्षिणेतल्या दक्षिणेत झालं, मध्य-पश्चिमेतल्या बड्या संघांशी गाठ पडलीच नाही. तो रास्त आहे, पण त्या काळातल्या जवळपास प्रत्येक संघाला लागू पडतो. ड्यूकचे चाहते मात्र ‘बेकरीवाल्याने दिलेला बॅनर’ म्हणून चिडवायची संधी सोडत नाहीत. ड्यूककडे पाच विजेतेपदं आहेत आणि पाचही एनसीएएची.

केंटकीची रीत वेगळी. त्यांच्याकडे १९३३ आणि १९५४ ची हेल्म्स पदं आहेत, तरी विद्यापीठ मोजतं ती एनसीएएची आठच. पोट भरलेलं असलं की माणूस काटेकोर होतो.

क्विझसाठी किंवा लेखासाठी विचारत असाल तर ‘नॉर्थ कॅरोलायना : एनसीएए ६, हेल्म्स १’ असं दोन खात्यांत लिहा. बेरीज करून ‘७’ लिहिलंत की भांडण विकत घेतलंत.

१०. स्पर्धा नव्हती म्हणता, पण १९३९ च्या आधी कुणी प्रत्यक्ष खेळून राष्ट्रीय विजेता ठरलंच नाही?

ठरले, पण प्रत्येक ठिकाणी काही ना काही खोट आहे.

१९०४ च्या सेंट लुईस ऑलिंपिकबरोबर प्रात्यक्षिक म्हणून कॉलेज संघांची स्पर्धा झाली. हायरम कॉलेज जिंकलं. संघ तीनच होते.

१९०८ मध्ये शिकागो आणि पेन्सिल्व्हेनिया, म्हणजे पश्चिमेचा आणि पूर्वेचा विजेता, एकमेकांशी मुद्दाम खेळले. शिकागोने दोन्ही सामने घेतले. १९२० मध्ये याच दोघांची तीन सामन्यांची मालिका झाली, ती पेन्सिल्व्हेनियाने जिंकली. पूर्वलक्षी यादीतल्या नावामागे खऱ्या सामन्यांचं बळ हवं असेल तर ही दोन उदाहरणं सर्वांत चांगली. तरीसुद्धा १९०८ साठी प्रेमो-पोरेटांचा पहिला क्रमांक शिकागोला नाही, त्या मोसमात अपराजित राहिलेल्या वॉबॅश या छोट्या कॉलेजला आहे.

वॉबॅशचं नाव १९२२ मध्ये पुन्हा येतं. इंडियानापोलिसला सहा कॉलेजांची राष्ट्रीय म्हणवणारी स्पर्धा झाली आणि वॉबॅशने अंतिम सामन्यात कॅलामाझूला ४३-२३ असं लोळवलं. कॅन्सस, मिझुरी यांच्यासारखे संघ मात्र त्यात नव्हतेच.

शिवाय एएयूची राष्ट्रीय स्पर्धा होती. तिच्यात क्लब आणि कॉलेजं एकत्र खेळत. १९१६ ला यूटा, १९२० ला न्यूयॉर्क युनिव्हर्सिटी, १९२४ ला बटलर, १९२५ ला वॉशबर्न ही कॉलेजं ती जिंकून गेली. यूटा आणि बटलर आजही त्या पदांचा अभिमानाने उल्लेख करतात आणि तो त्यांचा हक्कच म्हणायला हवा, कारण मोठ्या माणसांच्या क्लबांना हरवून मिळवलेलं ते पद आहे. हेल्म्सने त्याच वर्षांसाठी नावं दिली ती विस्कॉन्सिन, पेन्सिल्व्हेनिया, नॉर्थ कॅरोलायना आणि प्रिन्स्टनची.

११. जुन्या सामन्यांचे गुण एवढे कमी कसे? १८-१५ म्हणजे आजची पहिली पाच मिनिटं!

१९३७ पर्यंत प्रत्येक बास्केटनंतर चेंडू मध्यभागी नेऊन पुन्हा जंप बॉल करत (दोन खेळाडूंमध्ये वर उडवत), त्यात वेळ जाई. ठरावीक सेकंदांत चेंडू टाकायला लावणारं शॉट क्लॉक नव्हतं, आघाडी मिळाली की चेंडू धरून बसता येई. १९२४ च्या मोसमापर्यंत संघातला एकच ठरलेला खेळाडू सगळ्यांचे फ्री थ्रो (फाउलबद्दल मिळणारे मोकळे फेक) मारत असे. म्हणून त्या काळातल्या खेळाडूंची वैयक्तिक गुणसंख्या आजच्या मापाने मोजू नका.

१२. १९३९ नंतर एनसीएए विजेता ठरत होता. मग हेल्म्सने वेगळी नावं का दिली?

हा या पानावरचा आमचा आवडता प्रश्न. ठळक उदाहरणं चार.

१९३९ : एनसीएए ऑरेगन, हेल्म्स लाँग आयलंड युनिव्हर्सिटी. क्लेअर बी यांचा हा संघ मोसमभर अपराजित राहून एनआयटी जिंकला होता. तेव्हा एनआयटीचा दबदबा मोठा होता, न्यूयॉर्कचे पत्रकार आणि गार्डनची गर्दी तिच्याकडे. ही निवड समजण्यासारखी आहे.

१९४० : एनसीएए इंडियाना, हेल्म्स सदर्न कॅलिफोर्निया. ही मात्र समजण्यापलीकडची. सदर्न कॅलिफोर्निया एनसीएए स्पर्धेत खेळली होती आणि कॅन्ससकडून ४३-४२ अशी एका गुणाने बाहेर पडली होती. त्या कॅन्ससला अंतिम सामन्यात इंडियानाने ६०-४२ ने धुतलं. म्हणजे मैदानावर हरलेल्याला पद दिलं आणि जिंकलेल्याला नाही. हेल्म्स लॉस एंजेलिसचं आणि सदर्न कॅलिफोर्नियाही लॉस एंजेलिसचीच, हे कुणाच्या नजरेतून सुटत नाही. प्रेमो-पोरेटांच्या यादीत इथे इंडियाना आहे.

१९४४ : एनसीएए यूटा, हेल्म्स आर्मी. वेस्ट पॉइंटच्या लष्करी अकादमीचा संघ १५-० होता, पण कुठल्याही स्पर्धेत उतरला नाही. यूटाची कथा सिनेमासारखी : एनआयटीत पहिल्याच सामन्यात केंटकीकडून हरले, मग आर्कान्सासच्या संघाला मोटार अपघातामुळे माघार घ्यावी लागली म्हणून एनसीएएत जागा मिळाली आणि डार्टमथला जादा वेळेत ४२-४० हरवून जिंकलेसुद्धा. त्या संघात जपानी वंशाचा वॅट मिसाका होता, तेही युद्ध चालू असताना.

१९५४ : एनसीएए लासाल, हेल्म्स केंटकी. केंटकी २५-० होती आणि डिसेंबरात तिने लासाललाही हरवलं होतं. पण हेगन, रॅमझी आणि सिओरोपोलस या तीन प्रमुख खेळाडूंची पदवी आधीच पूर्ण झालेली असल्याने एनसीएएच्या नियमाने त्यांना स्पर्धेत खेळता येईना. प्रशिक्षक अ‍ॅडॉल्फ रप यांनी संघच पाठवला नाही. इथे आमचा कल हेल्म्सकडे आहे. पण न खेळलेल्या स्पर्धेचं विजेतेपद कुणी सांगू नये, एवढं पथ्य केंटकी स्वतःच पाळते (प्रश्न ९).

१३. मग एनआयटी जिंकणाऱ्यांना राष्ट्रीय विजेता म्हणायचं का?

सुरुवातीच्या वर्षांत म्हणणारे होते. १९३८ ला एनसीएए स्पर्धा नव्हतीच आणि कोलोरॅडोला ६०-३६ हरवून पहिली एनआयटी जिंकणारं टेंपल हेल्म्सच्याही यादीत आहे, त्यामुळे टेंपलचा दावा तगडा. १९४३ ते १९४५ या युद्धाच्या वर्षांत रेड क्रॉसच्या मदतीसाठी दोन्ही स्पर्धांच्या विजेत्यांचा सामना लावत. तिन्ही वेळा एनसीएएचा विजेता जिंकला : वायोमिंग, यूटा, ओक्लाहोमा ए अँड एम. १९५० मध्ये सिटी कॉलेज ऑफ न्यूयॉर्कने एकाच मोसमात दोन्ही स्पर्धा जिंकल्या. असं दुसऱ्या कुणालाच जमलेलं नाही. लगेच १९५१ मध्ये सट्टेबाजीचं प्रकरण फुटून त्यातले खेळाडू पकडले गेले, ती गोष्ट वेगळी.

आज एनआयटी ही एनसीएएच्या ६८ संघांत जागा न मिळालेल्यांची स्पर्धा आहे. आजच्या चष्म्यातून १९३९ ची एनआयटी बघू नका.

१४. या याद्यांत कृष्णवर्णीयांच्या कॉलेजांचे संघ का दिसत नाहीत?

कारण त्यांना ‘मोठ्या’ संघांशी खेळूच दिलं जात नव्हतं. दक्षिणेत तर काळे-गोरे एकत्र खेळणं कायद्यानेच वर्ज्य होतं. ज्यांच्या नोंदीत बलाढ्य प्रतिस्पर्धी येऊच शकत नाहीत, त्यांना मागाहून नोंदी चाळणारा माणूस वर आणणार कसा? पूर्वलक्षी यादीचा हा सर्वांत मोठा दोष आणि तो गणिताने भरून निघत नाही.

जॉन मॅक्लेंडन यांचं उदाहरण घ्या. कॅन्ससला ते खुद्द नायस्मिथ यांचे विद्यार्थी होते, पण कातडीच्या रंगामुळे विद्यापीठाच्या संघात त्यांना जागा नव्हती. पुढे ते डरहॅमच्या नॉर्थ कॅरोलायना कॉलेज फॉर निग्रोज या संस्थेचे प्रशिक्षक झाले. १२ मार्च १९४४ च्या रविवारी सकाळी, गाव चर्चमध्ये असताना, त्यांच्या संघाने ड्यूकच्या वैद्यकीय शाळेतल्या सैनिकी संघाशी गुपचूप सामना खेळला. जिमची दारं आतून बंद, प्रेक्षक नाहीत. निकाल ८८-४४. ड्यूकचा तो मुख्य विद्यापीठ संघ नव्हता, पण चांगले खेळाडू त्यात होते. त्या मोसमाचा हेल्म्स विजेता आर्मी आहे.

टेनेसी ए अँड आय या कॉलेजाच्या संघाला घेऊन मॅक्लेंडन यांनी १९५७, १९५८ आणि १९५९ अशी सलग तीन वर्षं लहान कॉलेजांची एनएआयए राष्ट्रीय स्पर्धा जिंकली. बास्केटबॉल हॉल ऑफ फेममध्ये त्यांना १९७९ मध्ये घेतलं ते खेळाला योगदान देणारे म्हणून; प्रशिक्षक म्हणून घ्यायला २०१६ उजाडलं. मागाहून दिलेल्या सन्मानांत हा आम्हाला सर्वांत रास्त वाटतो, उशीर सोडून.

१५. संघांसारखे खेळाडूंनाही असे सन्मान दिले का?

हो. हेल्म्सने वर्षातला सर्वोत्तम खेळाडूही मागे जाऊन निवडला. ही यादी १९०५ च्या विस्कॉन्सिनच्या क्रिश्चन स्टाइनमेट्झपासून सुरू होते. १९३२ ला वूडन, १९३३ ला केंटकीचा फॉरेस्ट सेल, १९३७ आणि १९३८ ला स्टॅनफर्डचा हँक लुइसेटी. हा लुइसेटी एका हाताने बास्केट करायचा. डिसेंबर १९३६ मध्ये त्याच्या संघाने लाँग आयलंडची ४३ विजयांची घोडदौड न्यूयॉर्कमध्ये जाऊन थांबवली. जुन्या खेळाडूंच्या माहितीत ‘ऑल-अमेरिकन’ (देशातल्या सर्वोत्तम खेळाडूंत निवड) दिसलं तर तेही त्या काळी मिळालं की हेल्म्सने मागाहून दिलं, हे तपासून घ्या.

१६. विजेतेपद मागाहून देता येतं तर मागाहून काढूनही घेता येतं का? आणि ते उपविजेत्याला मिळतं का?

काढता येतं, आणि नाही, उपविजेत्याला मिळत नाही. लुइव्हिलने २०१३ च्या अंतिम सामन्यात मिशिगनला ८२-७६ असं हरवलं होतं. पुढे बाहेर आलं, की प्रवेशासाठी आलेल्या खेळाडूंकरता संघाच्या एका कर्मचाऱ्याने वसतिगृहात स्ट्रिपर आणि वेश्या आणवल्या होत्या. फेब्रुवारी २०१८ मध्ये अपील फेटाळलं गेलं आणि ते विजेतेपद नोंदीतून रद्द झालं. पुरुषांच्या स्पर्धेत विजेत्यावर अशी वेळ पहिल्यांदाच आली. बॅनर उतरवला. २०१९ च्या तडजोडीत खेळाडूंची आकडेवारी आणि ल्यूक हॅनकॉकचा अंतिम फेरीतल्या सर्वोत्तम खेळाडूचा किताब परत मिळाला, संघाचं पद मात्र नाही.

त्यामुळे २०१३ च्या विजेत्याची जागा रिकामी आहे. मिशिगनला ती मागायलाही तोंड नाही, कारण त्यांच्या स्वतःच्या ‘फॅब फाइव्ह’ या गाजलेल्या पाच खेळाडूंच्या संघाच्या १९९२ आणि १९९३ च्या अंतिम फेऱ्या अशाच रद्द झालेल्या आहेत. सिटी कॉलेजचं १९५० चं दुहेरी यश (प्रश्न १३) मात्र सट्टेबाजीनंतरही नोंदीत शाबूत आहे.

१७. अमेरिकन फुटबॉलमध्येही असंच चालतं का?

तिथे तर याहून सैल कारभार. मोठ्या कॉलेजांच्या फुटबॉलमध्ये कित्येक दशकं राष्ट्रीय स्पर्धाच नव्हती, त्यामुळे वेगवेगळ्या निवडकर्त्यांची मतं हीच विजेतेपदं. फुटबॉल प्रशिक्षकांच्या संघटनेने ओक्लाहोमा स्टेटला १९४५ चं विजेतेपद बहाल केलं ते २०१६ मध्ये, ७१ वर्षांनी. बास्केटबॉलमध्ये १९३९ पासून मैदानावर निकाल लागत असल्याने वाद जुन्या काळापुरताच राहतो.

१८. हेल्म्स फाउंडेशन अजून आहे का? यादीत दुरुस्ती सुचवायची आहे.

नाही. पॉल हेल्म्स १९५७ मध्ये वारले, बेकरी १९६९ मध्ये बंद पडली. फाउंडेशन बँकांच्या आश्रयाने नावं बदलत काही वर्षं तगलं आणि १९८० च्या दशकात त्याचा संग्रह लॉस एंजेलिसच्या अ‍ॅमॅच्युअर अ‍ॅथलेटिक फाउंडेशनकडे गेला. आज त्या संस्थेचं नाव एलए ८४ फाउंडेशन आहे. संग्रह तिथे आहे, निवड करणारं कुणी नाही. १९०१ च्या खाली येल लिहिलेलं आहे, ते तसंच राहणार.